बंदराची मुंबई पायी: ससून डॉक ते बॅलार्ड इस्टेट

मरीन ड्राइव्हवर बसून समुद्र बघणाऱ्याची पाठ बंदराकडे असते. बंदर शहराच्या पूर्वेला आहे आणि कुलाब्यापासून वडाळ्यापर्यंत त्याचा बहुतेक किनारा भिंतींच्या आड गेलेला आहे. आधी नौदलाची गोदी, मग बंदर प्राधिकरणाच्या गोद्या, मग गोदामं, जहाजं तोडण्याच्या जागा, तेलाच्या टाक्या. फोर्टात तीस वर्षं नोकरी केलेल्या माणसानेही बंदर बघितलेलं नसतं ते यामुळेच.

म्हणून इथे गाइडबरोबर फिरण्यात अर्थ आहे. मात्र इमारतीची शैली आणि बांधल्याचं साल एवढंच सांगणारा गाइड अर्ध्याच कामाचा. बंदराची मुंबई बघायची म्हणजे पायाखालची जमीन बघायची: जुना किनारा कुठवर होता, पुढे भराव कधी पडला आणि कोणाच्या गरजेपोटी पडला. वाटेतलं प्रत्येक ठिकाण या प्रश्नाला जोडलं गेलं पाहिजे. तसं झालं नाही तर चार तास फक्त फोटो काढले जातात.

इथे दिलेली वाट ससून डॉकपासून सुरू होते, कुलाबा कॉजवेने गेटवेला येते, तिथून शहीद भगतसिंग मार्गाने एशियाटिक सोसायटीच्या पायऱ्यांशी आणि शेवटी बॅलार्ड इस्टेटमध्ये संपते. अंतर साधारण पाच किलोमीटर, सगळं सपाट. थांबे आणि न्याहारी धरून साडेपाच तास लागतात. उलट दिशेने ही वाट करू नका. नऊ वाजता ससून डॉकला पोचलेल्याला ओली फरशी आणि रिकामे क्रेट एवढंच बघायला मिळतं.

दिवस कोणता निवडायचा

महिना आधी ठरवा. पश्चिम किनाऱ्यावर १ जून ते ३१ जुलै यांत्रिकी मासेमारी बंद असते, त्या दोन महिन्यांत ससून डॉक ओस पडलेला असतो. ऑगस्टमध्ये बोटी पुन्हा समुद्रात जातात, पण पाऊस असतो. नोव्हेंबर ते फेब्रुवारी सगळ्यांत बरं. मार्चनंतर साडेनऊलाच ऊन लागायला लागतं आणि शेवटचा तास नुसता सावली शोधण्यात जातो.

वार म्हणाल तर रविवार. बॅलार्ड इस्टेटचे रस्ते एरवी गाड्यांनी भरलेले असतात, रविवारी तिथे रस्त्याच्या मधोमध उभं राहून इमारतींची रांग बघता येते. तोटे दोन. सेंट थॉमस कॅथीड्रलमध्ये रविवारी सकाळी प्रार्थना असते, त्या वेळात आत फिरता येत नाही. आणि लोकलचा मेगाब्लॉक. तो बहुधा दहा-अकराच्या पुढे सुरू होतो, म्हणजे येताना जाणवत नाही, परतताना जाणवतो. शनिवारी रात्रीच वेळापत्रक बघून ठेवा.

आता तिथी. बहुतेक गाइड हे सांगत नाहीत, पण या वाटेला भरती-ओहोटीचं गणित फार उपयोगी पडतं. कोकणातला जुना हिशेब असा: तिथीच्या आकड्याला पाऊणने गुणलं की भरतीची वेळ येते. चतुर्थीला तीन वाजता, अष्टमीला सहा वाजता, एकादशीला सव्वाआठला. दिवसाही आणि रात्रीही. त्यात सहा तास मिळवले की ओहोटी. हिशेब अर्धा-पाऊण तास इकडेतिकडे होतो, नेमकी वेळ भरतीच्या तक्त्यात बघावी, पण दिवस निवडायला एवढं पुरतं. आपल्याला ओहोटी हवी आहे सकाळी आठ ते नऊच्या मध्ये, गेटवेवर असताना. म्हणजे तृतीया किंवा चतुर्थी. अमावस्या-पौर्णिमा नुकती होऊन गेलेली असल्यामुळे उधाणाचा जोर तेव्हाही बराच असतो. मुंबईत उधाणाच्या दिवसांत भरती आणि ओहोटी यांच्या पातळीत साडेचार-पाच मीटरपर्यंत फरक पडतो. हा फरक डोळ्यांनी बघितल्याशिवाय गोदी का बांधावी लागली ते कळत नाही. अष्टमीच्या आसपास भांगाची भरती असते. पाणी फार वरही येत नाही, फार खालीही जात नाही, आणि दाखवण्यासारखं काही राहत नाही.

गाइड ठरवताना

पर्यटन खात्याचा परवाना असलेला गाइड असेल तर ओळखपत्र बघा. खाजगी संस्था, वास्तुकलेचे विद्यार्थी, हौशी अभ्यासक हेही चांगल्या फेऱ्या काढतात, त्यांना नुसत्या परवान्यावर तोलू नका. फोनवर तीन प्रश्न विचारले की अंदाज येतो.

पहिला: जुना नकाशा दाखवणार का? छापील, हातात धरता येईल असा. उन्हात मोबाइलच्या पडद्यावरचा नकाशा पाठीमागच्या सहाव्या माणसाला दिसत नाही. सात बेटांचा एक, किल्ल्याच्या तटबंदीचा एक आणि आजचा एक असे तीन कागद पुरतात.

दुसरा: ससून डॉकला किती वाजता पोचायचं? उत्तर 'सात-साडेसात' आलं तर त्याने लिलाव बघितलेला नाही.

तिसरा: गोदीच्या आत नेणार का? इथे 'हो, ओळख आहे माझी' असं उत्तर आलं तर सावध व्हा. इंदिरा गोदी आणि नौदलाची गोदी ही सुरक्षित क्षेत्रं आहेत, पासाशिवाय आत जाता येत नाही, आणि पर्यटकाला सहज पास मिळत नाही. प्रामाणिक गाइड सांगेल की बाहेरून दाखवतो आणि पाण्यावरून दाखवतो.

गट बारा जणांच्या वर नको. कॉजवेवर बसचे हॉर्न सुरू झाले की बिनमाइकचा आवाज आठव्या माणसापर्यंतही जात नाही. वीस जण असतील तर दोन गट करा किंवा गाइडला कमरेला लावायचा छोटा स्पीकर आणायला सांगा. ससून डॉकमध्ये आणि कॅथीड्रलमध्ये मात्र तो बंद ठेवायचा. फी ठरवताना न्याहारी, तिकिटं आणि पाऊस आला तर काय, हे मेसेजवर लिहून घ्या. मराठीत बोलणारा गाइड मागायला संकोच करू नका. धक्का, पडाव, माथाडी, उधाण हे शब्द इंग्रजीतून ऐकताना निम्मे गळून जातात.

अंगावर आणि पिशवीत

पायात पकड असलेले बंद बूट. ससून डॉकची फरशी बर्फाच्या, माशांच्या आणि डिझेलच्या पाण्याने बुळबुळीत असते, चपलेत ते पाणी बोटांवर येतं आणि दिवसभर वास जात नाही. पांढरी किंवा घोळदार पँट नको. प्रत्येकी एक लिटर पाणी, टोपी, सुटे पैसे. पाठीवरची पिशवी लहान ठेवा, कारण गेटवेच्या आवारात तपासणी होते आणि मोठी बॅग असली की रांग तुमच्यासाठी थांबते. शौचालयाची सोय या वाटेवर विरळ आहे. निघण्याआधी स्टेशनवर, मग गेटवेच्या परिसरात आणि न्याहारीच्या ठिकाणी. गटात वयस्कर माणसं किंवा लहान मुलं असतील तर गाइडने हे तीन थांबे सुरुवातीलाच सांगावेत.

पोचायचं कसं? पावणेसहाला कुलाब्यात असायचं तर मेट्रोवर अवलंबून राहू नका. पहाटेची लोकल धरून चर्चगेट किंवा सीएसएमटीला उतरा, पुढे टॅक्सी. तीनेक किलोमीटर आहे, रस्ता रिकामा असतो.

पावणेसहा: ससून डॉक

घड्याळाच्या मनोऱ्याच्या दारात भेटायचं. आत शिरण्याआधी गाइडने दोन मिनिटं नियम सांगावेत. इथे फोटो काढायला मनाईच्या पाट्या आहेत. त्या मानायच्या. परवानगी काढलेली असेल तरच कॅमेरा बाहेर, आणि तेव्हाही माणसाच्या तोंडावर धरायचा नाही. कोळंबी सोलत बसलेल्या बायकांना सोललेल्या मालावर पैसे मिळतात. तुम्ही प्रश्न विचारत उभे राहिलात तर तेवढी त्यांची मजुरी बुडते.

आत चालायचं एका रांगेत, डाव्या अंगाने. मागून 'साइड, साइड' अशी हाक आली की विचार न करता बाजूला व्हायचं. डोक्यावर पाटी घेतलेल्या माणसाला थांबता येत नाही, हातगाडीला तर ब्रेकच नसतो. मधोमध गोल करून उभं राहणं ही नवख्या गटाची सगळ्यांत मोठी चूक. गाइडने माहिती बाहेर सांगावी, आत फक्त बोट दाखवावं.

बघायचं काय? बोटीच्या पोटातून धक्क्यावर माल येतो तो हातोहात, माणसांच्या साखळीतून. धक्क्यावर ढीग लागतात, त्यांच्याभोवती खरेदीदार बायका जमतात आणि लिलाव होतो तो इतक्या झटपट की आकडा कुठे ठरला हे दोन-तीन ढीग बघून झाल्यावरच कळतं. बोंबील, कोळंबी, मांदेली, म्हाकूल, बांगडा, मध्येच एखादी सुरमई. बर्फ फोडण्याचा आवाज सतत. निर्यातीचा माल वेगळा, बाजारचा वेगळा, सुकवायचा वेगळा. गाइडने ही वाटणी दाखवली तर हे बंदर अजून पोट भरतंय हे समजतं. इथे चाळीस मिनिटं पुरतात. तासाच्या वर गट कंटाळतो, म्हणजे वासाला.

बाहेर आल्यावर गोष्ट सांगायची ती गोदीची. अमेरिकेतल्या यादवी युद्धात, १८६१ ते १८६५, इंग्लंडच्या गिरण्यांना अमेरिकेचा कापूस मिळेनासा झाला आणि इथल्या कापसाला सोन्याचा भाव आला. १८६९ मध्ये सुएझ कालवा उघडला आणि युरोपचं अंतर घटलं. माल वाढला, पण तो चढवायला जागा नव्हती. मोठी जहाजं मध्ये समुद्रात नांगर टाकून उभी राहायची आणि पडावांतून, म्हणजे मालाच्या होड्यांतून, माल बंदराला आणायचा. ओहोटीला बंदरासमोर नुसता चिखल. अल्बर्ट अब्दुल्ला डेव्हिड ससून यांनी १८७५ मध्ये ही गोदी सुरू केली. तिला पश्चिम हिंदुस्थानातली पहिली वेट डॉक म्हणतात. वेट डॉक म्हणजे दरवाजा लावून भरतीचं पाणी आत अडवून ठेवायचं, मग बाहेर ओहोटी असली तरी जहाज तरंगत राहतं आणि माल सरळ धक्क्यावर उतरतो. ती ज्यावर उभी आहे ती जमीनही भरावाचीच. कापसासाठी बांधलेल्या या गोदीत आज कापसाचं बोंडही उतरत नाही.

कॉजवे

इथून गेटवेपर्यंत दोन किलोमीटरच्या आत-बाहेर चाल आहे आणि तिच्यात थांबे कमी ठेवावेत. एकच गोष्ट पुरे: ज्या रस्त्यावरून चाललोय तिथे पाणी होतं. कुलाबा आणि त्याच्या शेजारचं धाकटं कुलाबा ही वेगळी बेटं होती, ओहोटीला चालत जायचं आणि भरतीला होडीने. १८३८ मध्ये कॉजवे बांधून ती मुंबईला जोडली. सकाळी सात वाजता दुकानं बंद असतात आणि फूटपाथ मोकळा असतो. दहानंतर हाच रस्ता दुप्पट वेळ खातो.

गेटवे, ओहोटीच्या वेळी

गेटवे सगळ्यांनी बघितलेलं असतं, म्हणून इथे गाइडची परीक्षा होते. उंची २६ मीटर, आराखडा जॉर्ज विटेट यांचा, दगड पिवळसर बेसॉल्ट, उद्घाटन ४ डिसेंबर १९२४. हे पाटी वाचून कळतं. १९११ मध्ये पंचम जॉर्ज उतरले तेव्हा ही कमान नव्हती, स्वागताला तात्पुरता मंडप होता, हेही बहुतेक गाइड सांगतात. महत्त्वाचं त्यापुढे आहे: हे बंदराचं दार कधी नव्हतंच. व्हाइसरॉय आणि राजेरजवाडे इथे उतरायचे. विलायतेच्या टपालबोटीने येणारा साधा उतारू पुढच्या काळात उतरला तो बॅलार्ड पिअरला, जिथे आपली फेरी संपते. ९ जानेवारी १९१५ ला दक्षिण आफ्रिकेहून परतलेले गांधी मात्र इथे, गेटवेच्या धक्क्यावर उतरले. कमानीचं काम तेव्हा पुरं व्हायचं होतं. जुने मुंबईकर या जागेला पालवा बंदर म्हणत. साहेबाच्या तोंडी त्याचं अपोलो झालं.

आता पाण्याकडे बघा. ओहोटी असेल तर पायऱ्यांच्या खालच्या टप्प्यांवर हिरवं शेवाळ आणि कालवं दिसतात. ही ओली रेघ जिथे संपते तिथपर्यंत काही तासांत पाणी येणार आहे. भिंतीवर दोन माणसांच्या उंचीचा हा फरक दाखवला की ससून डॉकच्या दरवाजाचं काम कोणालाही वेगळं समजावून सांगावं लागत नाही. त्या पायऱ्यांवर मात्र उतरू नका. शेवाळावरून पाय घसरून दरवर्षी कोणी ना कोणी आपटतं.

समोर क्षितिजावर घारापुरीचं बेट, त्याच्या अलीकडे जवाहर द्वीप, जिथे कच्चं तेल आणणारी जहाजं लागतात. हवा स्वच्छ असेल तर पलीकडे न्हावा-शेवाच्या क्रेन दिसतात. ते बंदर १९८९ मध्ये सुरू झालं आणि कंटेनरचा धंदा हळूहळू तिकडे गेला. शहराच्या गोद्या ओस का पडल्या याचं निम्मं उत्तर त्या क्रेन आहेत. उरलेलं निम्मं उत्तर मागे वळून बघितलं की मिळतं. माल न्यायला आणायला या शहरात रस्ताच उरला नाही.

सव्वाआठ-साडेआठला न्याहारी. ती गेटवेच्या मागच्या गल्ल्यांतच उरका, कारण पुढच्या दीड किलोमीटरमध्ये रविवारी फारसं काही उघडं नसतं. पाऊण तास धरा. बारा माणसं अर्ध्या तासात उठत नाहीत.

नाविकांचं घर आणि सिंहाचा दरवाजा

रीगल सिनेमाच्या समोर महाराष्ट्र पोलिसांचं मुख्यालय आहे. रस्त्याच्या पलीकडे उभं राहून वरचा त्रिकोणी भाग बघा. पोलिसांच्या इमारतीवर नेपच्यून, समुद्रदेव, काय करतोय? ही १८७६ ची रॉयल आल्फ्रेड सेलर्स होम, बोटीवरून उतरलेल्या गोऱ्या नाविकांच्या मुक्कामाची जागा. एफ. डब्ल्यू. स्टीव्हन्स यांचं हे काम. बोरीबंदरची इमारत त्यांनी नंतर बांधली. फोटो पलीकडूनच काढा आणि पहाऱ्यावरच्या शिपायाला विचारून काढा.

पुढे लायन गेटपासून उजव्या हाताला नौदलाची भिंत सुरू होते. कॅमेरे पिशवीत, मोबाइल खिशात. हे सांगायला गाइड विसरला तर पहारेकरी सांगतो, आणि मग फोटो पुसण्यात दहा मिनिटं जातात. भिंतीआड काय आहे ते तोंडीच सांगायचं. सुरतेहून १७३६ मध्ये लवजी नसरवानजी वाडिया आले. १७५० मध्ये इथे सुकी गोदी, म्हणजे पाणी काढून टाकून जहाजाचं काम करायची जागा, झाली. मलबारी सागाची, वाडियांनी बांधलेली जहाजं ओकच्या जहाजांपेक्षा टिकाऊ निघाली. १८४२ मध्ये ज्या जहाजावर चीन आणि ब्रिटन यांच्यात नानकिंगचा तह झाला ते 'कॉर्नवॉलिस' इथलं. १८१७ मध्ये पाण्यात उतरलेलं 'ट्रिंकोमाली' आजही इंग्लंडमध्ये हार्टलपूलला तरंगतं आहे. मुंबईचं जहाज बघायला हार्टलपूलला जावं लागतं आणि मुंबईत भिंत बघावी लागते, असं थोडं रागाने म्हणायला हरकत नाही.

एशियाटिकच्या पायऱ्या आणि कापसाचं मैदान

टाउन हॉलच्या, म्हणजे एशियाटिकच्या, तीस पायऱ्यांवर गटाला बसवा. सावली असते, आवाज जातो आणि समोर हॉर्निमन सर्कल दिसतं. जुने नकाशे उघडायची जागा हीच. १८३३ मध्ये ही इमारत झाली तेव्हा हिच्या पाठीमागे थोड्याच अंतरावर समुद्र होता. आज पाठीमागे टांकसाळ, मग बॅलार्ड इस्टेट, मग गोदी, आणि त्यानंतर समुद्र. नकाशावर बोट ठेवून ही सरक दाखवली की प्रत्येकाचा चेहरा बदलतो. आपण आता जुन्या किनाऱ्यावर बसलोय आणि पुढचा अर्धा तास समुद्रातून चालणार आहोत.

समोरचं वर्तुळ पूर्वी मोकळं मैदान होतं. किल्ल्याच्या आत, बंदराजवळ, म्हणून कापसाच्या गासड्या इथेच यायच्या. कचरा, आग, गर्दी यांना कंटाळून कापूस आधी कुलाब्याला आणि नंतर शिवडीकडे हलवला. त्याच्याबरोबर नावही गेलं. हार्बर लाइनवरचं कॉटन ग्रीन स्टेशन हिरवं का नाही, हा प्रश्न इथे सुटतो. मैदानाचं वर्तुळ १८७२ च्या सुमारास झालं, तटबंदी त्याआधी १८६० च्या दशकात पाडली. बेंजामिन हॉर्निमन हे 'बॉम्बे क्रॉनिकल'चे संपादक. ब्रिटिश गव्हर्नरचं नाव पुसून तिथे ब्रिटिशच पत्रकाराचं नाव आलं, पण हा सरकारशी भांडणारा.

पलीकडे सेंट थॉमस कॅथीड्रल, १७१८ चं. चर्चगेट हे नाव या चर्चकडे येणाऱ्या किल्ल्याच्या दरवाजाचं. शहरातले जुने मैलाचे दगड याच चर्चपासून मोजलेले आहेत; दादर-परळकडे फूटपाथमध्ये गाडले गेलेले काही अलीकडे पुन्हा वर काढले आहेत. आत जाता आलं तर भिंतींवरचे संगमरवरी स्मृतिलेख वाचा. कोण कोणत्या वयात तापाने गेला, कोणाला समुद्राने नेलं. बावीस, चोवीस, एकोणतीस. बंदराच्या नफ्याची दुसरी बाजू इथे लिहून ठेवलेली आहे.

बॅलार्ड इस्टेट

अलेक्झांड्रा गोदी, आताची इंदिरा गोदी, १९१४ मध्ये सुरू झाली. ती खणताना निघालेली माती आणि दगड शेजारच्या समुद्रात टाकून जी जमीन झाली ती बॅलार्ड इस्टेट. बांधकाम १९१४ ते १९१८ या काळातलं, आराखडा पुन्हा विटेट यांचाच. इमारतींची उंची सारखी, दर्शनी भाग सारख्या शिस्तीत, फूटपाथ रुंद. लंडनचा तुकडा उचलून आणल्यासारखा दिसतो. नाव कर्नल बॅलार्ड यांचं, १८७३ मध्ये स्थापन झालेल्या पोर्ट ट्रस्टशी, म्हणजे आताच्या बंदर प्राधिकरणाशी, सुरुवातीपासून जोडलेलं.

इथे इमारतींपेक्षा पाट्या वाचायला लावा. कोचीन स्ट्रीट, कालिकत स्ट्रीट, मंगलोर स्ट्रीट, गोवा स्ट्रीट: पश्चिम किनारपट्टीवरची बंदरं ओळीने. मग वालचंद हिराचंद मार्ग आणि नरोत्तम मोरारजी मार्ग. हे दोघे सिंदिया स्टीम नॅव्हिगेशन कंपनीच्या संस्थापकांपैकी. ५ एप्रिल १९१९ ला त्यांचं 'लॉयल्टी' जहाज मुंबईहून लंडनला निघालं, ब्रिटिश कंपन्यांच्या मक्तेदारीत शिरलेलं हिंदी मालकीचं जहाज. राष्ट्रीय सागरी दिन ५ एप्रिलला असतो तो यामुळे. सोलापूरच्या वालचंदांचं नाव साखर कारखान्यांशी जोडलं जातं, जहाजाशी जोडायला ही गल्ली बरी.

बॅलार्ड बंदर गेटहाउस ही १९२० ची छोटी देखणी इमारत शेवटच्या थांब्यासाठी. आत जाता येईलच असं धरून चालू नका, बाहेरून बघायची तयारी ठेवा. याच्या पलीकडे बॅलार्ड पिअर. एकेकाळी बोटीतून उतरलेला उतारू इथूनच थेट गाडीत बसायचा, फ्रंटियर मेल पेशावरपर्यंत जायची. आता तिथे क्रूझ जहाजं लागतात.

आणि १४ एप्रिल १९४४. हे दुसऱ्या कुठल्याही थांब्यावर सांगू नये. व्हिक्टोरिया गोदीत 'फोर्ट स्टिकिन' नावाचं जहाज उभं होतं. पोटात स्फोटकं, कापसाच्या गासड्या आणि सोन्याच्या विटा. दुपारी कापसाने पेट घेतला. चार वाजून सहा मिनिटांनी पहिला स्फोट, अर्ध्या तासाच्या आत दुसरा. शेकडो माणसं गेली, त्यांत अग्निशमन दलाचे ६६ जवान. देशभर १४ ते २० एप्रिल अग्निशमन सेवा सप्ताह पाळतात तो त्यांच्या आठवणीत. ती व्हिक्टोरिया गोदी आणि तिच्या शेजारची १८८० ची प्रिन्सेस गोदी अलीकडे कंटेनर ठेवायला जागा हवी म्हणून भरून टाकल्या. समुद्र भरून किनारा, किनारा खणून गोदी, गोदी भरून पुन्हा जमीन.

सव्वाअकराला फेरी संपते. सीएसएमटी इथून दहा-बारा मिनिटांवर. ब्रिटानियात बेरी पुलाव खायचा विचार असेल तर तिथली वेळ आणि सुट्टी आधी विचारून घ्या, ते हॉटेल दिवसभर उघडं नसतं. चालत स्टेशनला जाताना पी. डिमेलो रोडला थोडा वळसा घाला. प्लासिड डिमेलो हे गोदी कामगारांचे पुढारी. याच रस्त्यावर पुढे यलो गेट, ऑरेंज गेट अशी रंगांची नावं असलेले गोदीचे दरवाजे आहेत. मशीद बंदर, वाडी बंदर, चिंच बंदर, कारनॅक बंदर या नावांतलं पाणी गेलं, बंदर राहिलं.

काय बिघडतं

सगळ्यांत जास्त वेळा बिघडतं ते वेळेचं गणित, आणि ते न्याहारीत. पाऊण तासाचा सव्वा तास झाला की बॅलार्ड इस्टेटला माणसं बारा वाजता, उन्हात, पाय दुखत असताना पोचतात. तेव्हा कापावं ते कॅथीड्रल; बॅलार्ड कापू नये, कारण भरावाची गोष्ट तिथेच पुरी होते.

दुसरं, गेटवेचा बंदोबस्त. २६ जानेवारीच्या आसपास, नौदल दिनाच्या तयारीत किंवा पाहुणे येणार असले की आवार बंद असतं. तसं झालं तर रेडिओ क्लबच्या बाजूच्या कठड्यावरूनही ओहोटीची रेघ दिसते.

तिसरं, ससून डॉकच्या वासाने एखाद्याला मळमळतं. त्याला बाहेरच थांबू द्या, बरोबर एक जण ठेवा. रुमालाला लावलेल्या अत्तराने वास जात नाही, दोन्ही मिसळून जास्त त्रास होतो. गुडघेदुखी असलेल्यांनी ससून डॉक आणि कॉजवे सोडून थेट आठला गेटवेवर यावं. मग अंतर अडीच किलोमीटरच्या आसपास राहतं.

अजून दम असेल तर पाण्यावरून

भिंतींच्या आड काय आहे ते बोटीतून दिसतं. गेटवेहून घारापुरीची बोट तासाभराची. जाताना तेलाची जहाजं आणि न्हावा-शेवा दोन्ही जवळून दिसतात. सोमवारी लेणी बंद असतात. १८ डिसेंबर २०२४ च्या बोटीच्या अपघातानंतर लाइफ जॅकेट घालणं सक्तीचं आहे. मिळालेलं जॅकेट मांडीवर न ठेवता अंगात घालून पट्टे आवळा.

गोद्यांचा किनारा बघायचा असेल तर मात्र गेटवेपेक्षा भाऊचा धक्का बरा. उरणच्या लक्ष्मण हरिश्चंद्रजी ऊर्फ भाऊ अजिंक्य यांनी बांधलेला म्हणून हे नाव. माझगावला टॅक्सीने जा. डॉकयार्ड रोड स्टेशनही जवळ आहे. इथून मोरा आणि रेवसला लाँच सुटतात, मांडव्याला २०२० पासून गाड्या नेणारी रो-रो. मोऱ्याच्या लाँचचं तिकीट किरकोळ, प्रवास तासाच्या आत. डेकवर बसलं की गोदीच्या भिंतीचा पाण्याकडचा चेहरा दिसत राहतो. ओहोटीला मोऱ्याच्या धक्क्यापाशी पाणी कमी पडतं, तेव्हा फेऱ्या खोळंबतात. तृतीयेचा हिशेब इथे उलटा लावा आणि दुपारच्या भरतीच्या दोन तास आधी निघून भरती असतानाच परत फिरा.

पावसाळ्यात गेटवे-मांडवा बोटी बंद असतात, इतर फेऱ्याही हवा बघून रद्द होतात. खिडकीवरच्या माणसाशी त्यावरून वाद घालू नका. १७ जुलै १९४७ ला भाऊच्या धक्क्यावरूनच रेवसला निघालेली 'रामदास' बोट वादळात बुडाली आणि सहाशेहून जास्त माणसं गेली. बोट रद्द झाली तर धक्क्यावरच्या मासळी बाजारात फेरी मारा आणि हार्बर लाइन पकडा.